गाईच्या पोटातील गोकुळ

गेल्या महिन्यात एका वाचकभगिनीचे पत्र आम्हांस आले. त्या लिहितात, "आमच्या घरी रोज पहिला घास गाईचा काढण्याची चाल आहे. आता दारी गाय नाही. परंतु आळीतून एक गाय फिरत असते, तिच्या मुखी तो घालतो. मुंज, श्राद्ध, सत्यनारायण असे काही कार्य झाले म्हणजे उरलेला भात, पुऱ्या, शिरा सारे तिच्यापुढे ठेवतो. अन्न वाया जात नाही आणि पुण्यही पदरी पडते. परवा आमचे चिरंजीव म्हणाले की हे पुण्य नव्हे, पाप आहे. यात खरे काय, ते आपण सांगावे."

पत्र वाचून आम्ही बराच वेळ स्वस्थ बसून राहिलो. चिरंजीवांनी योजिलेला शब्द कठोर आहे. परंतु त्यांचे म्हणणे निराधार नाही. शिवाय ह्या प्रश्नाने आमच्या स्वतःच्या घरातील एका जुन्या जखमेवरची खपली निघाली. ती हकीकत पुढे सांगूच. आधी गाय जे खाते त्याचे पुढे होते काय, हे नीट समजून घेतले पाहिजे. त्यावाचून दिलेले उत्तर म्हणजे नुसती आज्ञा होईल, आणि आज्ञा ऐकण्याचे वय आमच्या वाचकांचे नाही.

'रवंथ' हा शब्द संस्कृतातील 'रोमन्थ' ह्या शब्दापासून आला. पाणिनीने अष्टाध्यायीच्या तिसऱ्या अध्यायात 'रोमन्थ' आणि 'तपस्' ह्या दोन शब्दांना एकाच सूत्रात शेजारी शेजारी बसविले आहे. एकापासून 'रोमन्थायते' हे क्रियापद होते व दुसऱ्यापासून 'तपस्यति'. पाठशाळेत हे सूत्र शिकविताना आमचे शास्त्रीबुवा हटकून हसत व म्हणत, "गाय आणि तपस्वी, दोघेही अर्धे डोळे मिटून बसतात, फरक इतकाच की गाईच्या बसण्यातून दूध निघते." सूत्रकारांनी ही जोडी व्याकरणाच्या सोयीसाठी लाविली, हे उघडच आहे. पुढील वैयाकरणांनी तीत अशी पुस्ती जोडली की जेथे जबडा हालतो तेथेच हे रूप योजावे. शाकुंतलाच्या दुसऱ्या अंकात दुष्यंत शिकारीचा बेत रहित करितो, तेव्हा हरिणांचे कळप आता सावलीत खुशाल रवंथ करोत, असे तो म्हणतो. ह्यात निरीक्षण अचूक आहे. भय असेल तेथे प्राणी रवंथ करीत नाही. उघड्या रानात भराभर चारा पोटात भरून घ्यावयाचा आणि मग सुरक्षित जागी बसून तो सावकाश चावावयाचा, असा हा निसर्गाने घालून दिलेला क्रम आहे. गाय, म्हैस, शेळी, मेंढी, हरिण, सांबर, जिराफ ही सारी त्याच पंथाची मंडळी. उंटही रवंथ करितो, परंतु त्याच्या पोटाचे कप्पे तीनच असतात.

गाईच्या पोटाचे कप्पे चार. ही गोष्ट आरिस्टॉटल ह्या ग्रीक पंडितानेही ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात नोंदून ठेविली आहे. आमच्याकडील पशुवैद्य पहिल्या कप्प्यास कोठीपोट म्हणतात, आणि ते नाव सार्थ आहे. मोठ्या गाईच्या कोठीपोटात शंभर-दीडशे लिटरपर्यंत ऐवज मावतो. म्हणजे न्हाणीघरातील पाण्याचे मोठे पिंपच म्हणा ना. त्याला लागून जाळीपोट, ज्याच्या आतल्या अंगास मधाच्या पोळ्यासारखी नक्षी असते. तिसऱ्या कप्प्यात पोथीच्या पानांसारखे पडदे एकावर एक असतात, म्हणून ते पडदेपोट. चौथे तेवढे खरे पोट. तुमच्याआमच्या जठरात जसा पाचकरस सुटतो तसा फक्त येथेच सुटतो.

गाईला वरच्या जबड्यात पुढचे दात नाहीत, हे पुष्कळांनी पाहिलेले नसते. तेथे नुसती टणक हिरडी असते. जिभेने गवताचा झुबका ओढावयाचा, खालच्या दातांनी त्या हिरडीवर दाबून तो तोडावयाचा, आणि फारसे न चावता गिळावयाचा. पुढे निवांत बसल्यावर त्यातील एकेक गोळा पुनः तोंडात येतो. आमच्या वाचकांपैकी ज्यांस गोठा जवळ असेल त्यांनी घड्याळ लावून पाहावे. गाय एक गोळा साधारणपणे पन्नासेक वेळा चावते, त्यास एक मिनिटभर लागते. मग गळ्याखालून तो उतरताना दिसतो, क्षणभर जबडा थांबतो, आणि खालून दुसरा गोळा चढतो. दिवसाच्या चोवीस तासांपैकी सात-आठ तास हा उद्योग चालतो. ह्या चावण्यात मोठ्या गाईच्या तोंडात रोज शंभर लिटरहून अधिक लाळ सुटते. त्या लाळेत आपल्या घरातील खाण्याच्या सोड्याच्या जातीचा क्षार असतो. तो कशासाठी, हे ध्यानात ठेवावे. आमच्या कथेचा सारा भार त्यावरच आहे.

आता मुख्य गोष्ट सांगतो. गाय गवत खाते, परंतु गवत पचविण्याची शक्ती गाईच्या अंगी नाही.

हे वाक्य आम्ही प्रथम वाचले तेव्हा आम्हांसही ते चमत्कारिक वाटले. गवताचा, कडब्याचा, पानांचा जो ताठ भाग, ज्यास सेल्युलोज म्हणतात, तो साखरेच्याच कणांची एक लांब माळ असते. भातातील पिष्टही त्याच कणांची माळ. मणी तेच, परंतु ओवण्याची गाठ निराळी. पिष्टाची गाठ सोडविणारा रस आपल्या तोंडातही आहे. सेल्युलोजची गाठ सोडविणारा रस मात्र माणूस, गाय, घोडा, हत्ती ह्यांपैकी कोणाच्याही शरीरात उत्पन्न होत नाही. कापूस म्हणजे जवळजवळ शुद्ध सेल्युलोज. कापूस खाऊन आपले पोट जितके भरेल तितकेच गवत खाऊन गाईचे भरले असते, जर तिच्या कोठीपोटात एक मोठे बिऱ्हाड नांदत नसते.

हे बिऱ्हाड सूक्ष्म जीवांचे. १८४३ साली ग्रूबी आणि देलाफों ह्या दोन शास्त्रज्ञांनी कोठीपोटातील रस सूक्ष्मदर्शकाखाली धरिला, तेव्हा त्यांस त्यात वळवळणारे असंख्य एकपेशी प्राणी दिसले. त्यांहूनही पुष्कळ लहान असे जे जंतू, त्यांची संख्या तर कल्पनेपलीकडची आहे. पृथ्वीवर जितकी माणसे आहेत त्यांहून अधिक जंतू त्या रसाच्या एका लहान चमच्यात सापडतात. ह्यांखेरीज एक प्रकारची बुरशीही तेथे असते. ती बुरशीच आहे हे १९७५ साली ऑर्पिन नावाच्या शास्त्रज्ञाने दाखवून दिले. ही सारी प्रजा हवा मुळीच नसलेल्या, उबदार अंधारात राहते. अमेरिकेत हंगेट नावाच्या प्राध्यापकांनी हे जंतू हवेवाचून प्रयोगशाळेत वाढविण्याची युक्ती काढिली, आणि १९६६ साली त्यांवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. तेव्हापासून ह्या गोकुळाची ओळख खऱ्या अर्थाने होऊ लागली.

ह्या प्रजेपाशी गवताची गाठ सोडविण्याची विद्या आहे. ती गवत फोडते, आंबविते, आणि त्यातून काही आम्ले निपजतात. शिरक्यात जे आम्ल असते ते त्यांत मुख्य. खवट लोण्याला ज्याचा वास येतो तेही त्यांत असते. ही आम्ले कोठीपोटाच्या भिंतीतून थेट गाईच्या रक्तात जातात, आणि गाईला लागणाऱ्या शक्तीपैकी निम्म्याहून पुष्कळ अधिक भाग त्यांतूनच मिळतो. म्हणजे ज्याप्रमाणे आपण रात्री पीठ भिजवून ठेवितो आणि सकाळी ते फुगलेले पाहतो, तसे अखंड आंबवण गाईच्या डाव्या कुशीत चाललेले असते. ज्यास खात्री करून घ्यावयाची असेल त्याने निरोगी गाईच्या डाव्या भकाळीत, म्हणजे शेवटची बरगडी व कमरेचे हाड ह्यांमधील खळगीत, मूठ दाबून धरावी. मिनिटातून एक-दोन वेळा मूठ आतून उचलली जाते. ते कोठीपोट ढवळले जात असते.

आंबविताना आम्ले सतत निपजत राहिली तर ते पिंप आंबटढोण होऊन जावयाचे. तसे होत नाही, कारण वरून सोड्याची लाळ सारखी येऊन मिळत असते. गाय रवंथ करिते ती केवळ गवत बारीक करण्यासाठी नव्हे. आपल्या पोटातील प्रजेस मानवेल असे पाणी राखण्यासाठीही करिते. ज्या गाईने रवंथ सोडिले तिच्या घरात काही बिघडले, हे आमच्या जुन्या गवळ्यांस ठाऊक होते, ते यामुळेच.

हे जंतू वाढतात आणि पुढे वाहत वाहत चौथ्या कप्प्यात जातात. तेथे गाईचा पाचकरस त्यांस पचवितो. गाईला लागणाऱ्या प्रथिनांचा मोठा वाटा असा ह्या जंतूंच्या देहांतून येतो. ही गोष्ट आम्ही घरात सांगितली, तेव्हा आमच्या कुटुंबाने कानांवर हात ठेविले आणि "आता गाईलाही सोवळ्यातून उठवा" असे आम्हांस सुनाविले! परंतु ह्यात गाईचे थोरपण उणे होत नाही. फिनलंड देशातील विर्तानेन ह्या शास्त्रज्ञास १९४५ साली रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले होते. पुढे त्यांनी काही गाईंस प्रथिनांचा अंशही नसलेला चारा घातला. त्यात शुद्ध केलेले पिष्ट व सेल्युलोज, आणि नत्रासाठी यूरिया व क्षार एवढेच होते. तरीही त्या गाईंनी दूध दिले, आणि १९६६ साली त्यांनी ही हकीकत प्रसिद्ध केली. ज्यास आपण खत म्हणून शेतात टाकितो त्यापासून जंतूंनी प्रथिने केली आणि जंतूंपासून गाईने दूध केले. अर्थात तो प्रयोग जाणत्याने मापून केला होता. गोठ्यात कोणी यूरियाचे पोते उघडे ठेवील तर गाय विषबाधेने मरेल, हे विसरू नये.

आमच्यासारख्या शाकाहारी कुटुंबांनी तर ह्या जंतूंचे विशेष ऋण मानिले पाहिजे. बी-१२ नावाचे जे जीवनसत्त्व आहे, ज्यावाचून रक्त नीट बनत नाही व हातापायांस मुंग्या येतात, ते कोणतीही वनस्पती निर्माण करीत नाही. ते फक्त जंतू करितात. गाईम्हशींच्या कोठीपोटात ते होते आणि दुधातून आपल्याकडे येते. मोठ्या माणसास रोज सुमारे दोन-अडीच मायक्रोग्रॅम लागते. पावशेर दुधाच्या पेल्यात एक मायक्रोग्रॅमच्या आसपास असते. वरण, भात, भाजी, कोशिंबीर ह्या साऱ्या पानात ते नसते. ते त्या पानाशेजारच्या दह्याच्या व ताकाच्या वाटीत असते. ज्यांनी दूधही वर्ज्य केले असेल त्यांनी ते औषधातून घ्यावे, असे वैद्य सांगतात ते ह्याचसाठी.

ह्या बिऱ्हाडाची कामगिरी पाहावयाची असेल तर शेण आणि लीद शेजारी शेजारी ठेवून पाहावी. घोड्यासही जंतूच गवत पचवून देतात, परंतु त्यांचे बिऱ्हाड जठराच्या पुढे, मोठ्या आतड्यात असते. आणि घोडा रवंथ करीत नाही. म्हणून लिदीत काड्या जशाच्या तशा दिसतात, आणि शेण इतके मऊ असते की आमच्या आजीने ते हाताने सारवून जमीन आरशासारखी केली.

आता ती जुनी हकीकत.

१९७१ सालच्या वैशाखात आमच्या वडील भगिनीचे लग्न घरच्याच मांडवात झाले. आम्ही त्या वेळी तेरा वर्षांचे होतो. गोठ्यात तांबू नावाची गाय होती. तिच्या दुधावर आम्ही भावंडे वाढलो. शेजारच्या घरी ताकाचा तांब्या रोज तिच्याच कृपेने जात असे. लग्नाच्या दिवशी वऱ्हाडातील पुष्कळ मंडळींची गाडी चुकली व ती आलीच नाहीत. दोन पंगतींचा भात उरला. अन्न टाकू नये, हा आमच्या घरचा संस्कार. मातोश्रींनी आम्हांस सांगितले, "तांबूला थोडा भात घाल हो, आज तिच्याही घरचे कार्य आहे." आम्ही उत्साहाच्या भरात थोडा कसला, दोन घमेली भात, वर भिजविलेली कणीक आणि जिलब्यांचा चुरा असे सारे तिच्यापुढे रिते केले. तांबूने ते मिटक्या मारीत खाल्ले. आम्ही तिच्या गळ्याखाली खाजवीत उभे होतो. त्याच वेळी शेजारच्या काकू विहिरीवर जात होत्या, त्या थबकून म्हणाल्या, "काय दृष्ट लागण्याजोगी गाय आहे ग तुमची!"

दुसऱ्या दिवशी सकाळी तांबूने वैरणीस तोंड लाविले नाही. पोट तट्ट झाले होते. हालविले की आत पाणी डुचमळे. ती दात खाऊ लागली. आंबट वासाचे पातळ शेण पडू लागले. दुपारी ती उठताना झोकांडली आणि बसली. डोळे खोल गेले, कान थंड पडले. गावातील जाणत्याने पोटफुगी समजून तेल पाजले. गुरांचे दवाखाने त्या वेळी तालुक्याच्या गावी, आणि एसटी दिवसातून दोनदा. पशुवैद्य येण्याच्या आधी, रात्री केव्हातरी तांबूने मान कुशीकडे वळविली ती पुनः उचलली नाही.

मातोश्रींच्या मनात एकच वाक्य राहिले, ते काकूंचे. त्या कधी भांडल्या नाहीत. परंतु त्या दिवसापासून त्या घरी ताक गेले नाही, कारण ताकच राहिले नाही, आणि पुढे दुसरी गाय आली तेव्हाही गेले नाही. चैत्रातील हळदीकुंकवाचे बोलावणे बंद झाले. मधल्या भिंतीतील दिंडी दरवाजास खिळा बसला. आम्हां मुलांसही तिकडे जाण्याची बंदी झाली. १९९८ साली मातोश्री वारल्या. काकू दारापर्यंत आल्या आणि अंगणातूनच नमस्कार करून परत गेल्या.

आम्ही निवृत्त झाल्यावर, २०१८ साली, आमचा एक जुना विद्यार्थी आम्हांस भेटावयास आला. तो पशुवैद्य आहे. बोलता बोलता तांबूची गोष्ट निघाली. त्याने सारी लक्षणे शांतपणे ऐकिली, भाताचे माप विचारिले, आणि तो म्हणाला, "गुरुजी, तुमच्या गाईला दृष्ट लागली नाही, भात लागला."

मग त्याने कार्यकारण उलगडून सांगितले. कोठीपोटातील प्रजेत गवत फोडणारे जंतू असतात, तसे पिष्ट व साखर खाणारेही असतात. रोजच्या वैरणीवर सर्वांची संख्या आपापल्या जागी असते. एकाएकी भाताचा, पिठाचा, साखरेचा लोंढा आला म्हणजे पिष्ट खाणारे जंतू बेसुमार वाढतात, आणि दह्यास आंबटपणा देणारे जे आम्ल तेच ते इतके करितात की लाळेतील सोडा पुरा पडत नाही. त्यातच भात मऊ. त्यास चावावे लागत नाही, म्हणून रवंथ नाही, म्हणून लाळही कमी. आंबटपणा वाढला की गवत फोडणारी प्रजा मरते, कोठीपोट ढवळण्याचे थांबते, अंगातील पाणी ओढून पोटात घेतले जाते, आणि तेच आम्ल रक्तात उतरते. एक-दोन दिवसांत गाय जाते. वेळीच पशुवैद्य मिळाला तर तो बेताने सोडा देऊन, शिरेतून सलाइन लावून, प्रसंगी डाव्या कुशीत शस्त्रक्रियेने कोठीपोट रिकामे करून तिला वाचवू शकतो. नंतर एखाद्या निरोगी गाईच्या कोठीपोटातील रस काढून तो आजारी गाईस पाजतात. उजाड झालेल्या घरात पुनः बिऱ्हाड वसवावे लागते. ही विरजण लावण्याचीच रीत आहे, असे तो म्हणाला.

तो गेल्यावर आम्ही संध्याकाळी काकूंकडे गेलो. त्या ऐंशीच्या पुढे गेलेल्या होत्या. ओटीवर वाती वळीत बसल्या होत्या. आम्ही त्यांस सांगितले, "काकू, तांबूला भात आम्ही घातला होता. आईने थोडा घाल म्हटले होते. आम्ही दोन घमेली ओतली. तिच्या पोटात आंबले. तुमचा काही दोष नव्हता." त्यांस बहुधा नीट ऐकू आले नसावे, असे वाटून आम्ही पुनः सांगू लागलो. तेव्हा त्या म्हणाल्या, "ऐकलं रे बाळ. ती गाय माझीही होती. माझ्या मुलांच्या तोंडात तिचंच ताक गेलं होतं." थोड्या वेळाने त्या एवढेच म्हणाल्या, "तुझ्या आईला हे कळायला हवं होतं." ह्यावर आम्हांपाशी उत्तर नव्हते. सत्तेचाळीस वर्षे आम्हांस एवढे तरी आठवत होते की भात थोडा नव्हता. ते आम्ही कोणासही बोललो नव्हतो. मार बसेल म्हणून आधी, आणि सवयीने नंतर.

आपल्या भाषेत जुन्या गोष्टी उगाळीत बसण्यासही रवंथ करणे म्हणतात. परंतु गाय जे पुनः तोंडात आणते ते चावून निराळे करून खाली पाठविते. आमच्या घरात एक वाक्य सत्तावीस वर्षे तसेच्या तसे वर येत राहिले आणि तसेच गिळले गेले.

असो. आता वाचकभगिनीच्या प्रश्नाकडे वळू. गोग्रासाची चाल सोडू नये. पूर्वजांनी 'ग्रास' म्हटले आहे, टोपली म्हटलेले नाही. एक पोळी, मूठभर भात, ह्याने शंभर लिटरच्या कोठीपोटात काही उलथापालथ होत नाही. पोळ्याच्या दिवशी बैलास एखादी पुरणपोळी द्यावी. परंतु गल्लीतील वीस घरांनी प्रत्येकी पाच दिल्या तर त्या शंभर होतात, आणि आपण पाचच दिल्या असे प्रत्येकास वाटते. आळीतून फिरणाऱ्या गाईचे हेच होते. आपल्या घराच्या आधी ती किती दारांवर उभी राहिली, हे आपणांस ठाऊक नसते. म्हणून कार्य झाल्यावर उरलेले अन्न ताजे असतानाच माणसांच्या मुखी जाईल अशी व्यवस्था करावी, आणि गाईस हिरवा चारा अथवा कडबा विकत आणून घालावा. भिजविलेली कणीक, आंबलेला भात, मिठाई ह्या वस्तू तर अगदी वर्ज्य. भाजीची देठे-साले चालतील. परंतु बटाटा, आंब्याची कोय असे वाटोळे पदार्थ अखंड घालू नयेत. ते घशात अडकतात.

ज्यांच्या गोठ्यात जनावर आहे त्यांनी भरडा-पेंड वाढवावयाची असेल तर दोन-तीन आठवडे घेऊन, थोडी थोडी वाढवावी. तेवढ्या अवकाशात आतील प्रजा नव्या अन्नाशी जुळते. चुकून जनावराने धान्याच्या पोत्यास तोंड लाविले तर ते आजारी दिसेपर्यंत वाट पाहू नये; त्याच घटकेस पशुवैद्यास बोलवावे. बसलेल्या, मान टाकलेल्या जनावराच्या घशात बाटलीने काही ओतू नये. ते श्वासनलिकेत जाते.

आणखी एक गोष्ट, जी आमच्या लहानपणी नव्हती. उरलेले अन्न प्लास्टिकच्या पिशवीत गाठ मारून रस्त्याच्या कडेस ठेविले जाते. गाईस गाठ सोडविता येत नाही. ती पिशवीसकट गिळते. सेल्युलोजची गाठ सोडविणाऱ्या त्या साऱ्या प्रजेस प्लास्टिकची गाठ मात्र सुटत नाही. ते वर रवंथास येत नाही आणि खाली उतरतही नाही. वर्षानुवर्षे साचून कोठीपोट व्यापते. शहरातील गाईंच्या पोटांतून शस्त्रक्रियेने कित्येक किलो प्लास्टिक काढिल्याची उदाहरणे पशुवैद्य सांगतात. त्यात तार, खिळा असेल तर तो जाळीपोटात पडतो, आणि त्याच्या पुढेच, मधल्या पडद्यापलीकडे, गाईचे काळीज असते. महाराष्ट्र सरकारने २०१८ साली प्लास्टिकच्या पिशव्यांवर बंदी घातली. परंतु आपल्या ओट्यावरील बंदी आपणच पाळावयाची असते.

वाचकभगिनीच्या चिरंजीवांस आमचा आशीर्वाद कळवावा. मात्र 'पाप' हा शब्द त्यांनी मागे घ्यावा, अशी आमची विनंती आहे. ज्या हाताने तांबूस भात घातला त्या हातात लोभ नव्हता, माया होती. उणे होते ते ज्ञान. आमच्या घरी आता गाय नाही. आमचे कुटुंब रोज पहिली पोळी बाजूस काढते, आणि आम्ही ती घेऊन कोपऱ्यावरील गोठ्यात जातो. तेथील गवळी पोळीचे चार तुकडे करून चार गाईंस देतो. आम्ही घटकाभर तेथे उभे राहतो. जबडे हालताना पाहिले म्हणजे आमचे समाधान होते. आणि मधल्या भिंतीतील त्या दिंडी दरवाजाचा खिळा आम्ही काढून टाकिला आहे.